सत्तावीस डॉलरची चिप

नोव्हेंबर २००६ मध्ये सोनी कंपनीचा प्लेस्टेशन ३ हा खेळ-कन्सोल जपान आणि अमेरिकेत विक्रीला आला. तेव्हा आयसप्ली या बाजार-विश्लेषण संस्थेने तो उघडून आतल्या एकेका भागाची अंदाजी किंमत मांडली. ६० गिगाबाइटचे मॉडेल दुकानात ५९९ डॉलरला मिळत होते. भाग आणि जोडणी धरून त्याचा खर्च मात्र ८४० डॉलरपर्यंत जात होता. प्रत्येक नगामागे सुमारे २४० डॉलरचा खड्डा. या यादीत ब्लू-रे ड्राइव्ह होता, नवा सेल प्रोसेसर होता, चित्रांसाठीची महागडी चिप होती. त्या मोठ्या रकमांच्या खाली एक किरकोळ वाटावी अशी नोंद होती : मागच्या पिढीच्या प्लेस्टेशन २ ची चिप, सुमारे २७ डॉलर. नव्या यंत्राच्या नव्या खेळांना तिचा काहीही उपयोग नव्हता. कुणी घरातली जुनी डिस्क आणून घातली तर ती चालावी, एवढ्याचसाठी ती तिथे बसवलेली होती. वर्ष संपायच्या आत ती काढायला सुरुवात झाली.

ज्या वाचकांचा या यंत्रांशी संबंध नातवंडांपुरताच येतो, त्यांच्यासाठी थोडे सांगितले पाहिजे. कन्सोल म्हणजे टीव्हीला जोडून खेळण्यासाठी बनवलेला संगणक. साधारण पाच-सात वर्षांनी कंपनी त्याची नवी पिढी काढते. खेळ वेगळे विकत घ्यावे लागतात, पूर्वी कार्ट्रिजवर, पुढे डिस्कवर. नवे यंत्र घरी आले की कपाटातल्या तीस-चाळीस जुन्या खेळांचे काय करायचे, हा प्रश्न उभा राहतो. ते नव्या यंत्रावर चालले तर त्या गुणाला बॅकवर्ड कम्पॅटिबिलिटी म्हणतात.

पुस्तकांच्या जगात असा प्रश्न येत नाही असे आपल्याला वाटते, पण मराठी वाचकाला तो अगदीच परका नाही. पेशवे दफ्तरातले कागद शाबूत आहेत, ते वाचायला मोडी येणारा माणूस लागतो. आणखी जवळचे उदाहरण हवे असेल, तर युनिकोड रुळण्यापूर्वी संगणकावर जुळवलेल्या एखाद्या दिवाळी अंकाची फाइल आज उघडून पाहावी. तो जुना फॉन्ट नसेल, तर पडद्यावर रोमन अक्षरांची आणि चिन्हांची खिचडी दिसते. मजकूर जागच्या जागी आहे. तो वाचणारे साधन गेले. अंकाची छापील प्रत तरी कुणाच्या माळ्यावर सापडते. खेळ मात्र छापून ठेवता येत नाही. तो यंत्रावर चालला तरच आहे.

या प्रश्नाचा पहिला मोठा प्रसंग १९८२ चा. अटारी कंपनीचे १९७७ चे यंत्र, पुढे अटारी २६०० या नावाने ओळखले गेलेले, अमेरिकेतल्या घराघरांत पोहोचले होते. १९८२ मध्ये अटारीने ५२०० हे नवे यंत्र आणले आणि त्यावर २६०० ची कार्ट्रिजे चालत नव्हती. कोलेको कंपनीने त्याच वर्षी बाजारात आलेल्या आपल्या कोलेकोव्हिजन यंत्रासाठी एक जोडणी विकायला काढली. ती लावली की कोलेकोच्या यंत्रावर अटारीचे खेळ चालत! अटारी कोर्टात गेली. प्रकरण तडजोडीने मिटले आणि कोलेकोने रॉयल्टी देऊन ती जोडणी विकणे चालू ठेवले. पाठोपाठ अटारीलाही ५२०० साठी तसाच अडॅप्टर काढावा लागला. त्यानंतरचे ७८०० हे यंत्र तर २६०० चे खेळ चालवील अशाच बेताने रचले गेले. ग्राहकाच्या कपाटातल्या जुन्या खेळांची किंमत मूळ कंपनीच्या आधी तिच्या प्रतिस्पर्ध्याने ओळखली होती. पुढच्या चाळीस वर्षांत हे अनेकदा घडलेले दिसते.

जुना खेळ नव्या यंत्रावर चालवायचे दोन मार्ग आहेत. पहिला सरळ : जुन्या यंत्राची चिप नव्यात बसवायची. सेगा कंपनीने १९८८ च्या मेगा ड्राइव्हमध्ये हे फार काटकसरीने केले. तिच्या आधीच्या यंत्राचा मुख्य प्रोसेसर झेड-८० हा होता. नव्या यंत्रात तोच मुख्यतः आवाज सांभाळायला ठेवला. जुन्या राजाला नव्या दरबारात नगारखान्यावर नेमावे तसे. अडॅप्टरमधून जुने कार्ट्रिज आले की नगारा वाजवणारा पुन्हा गादीवर बसे. निन्टेन्डोने हातात धरून खेळायच्या गेम बॉयच्या घराण्यात हीच रीत ठेवली; १९८९ चे कार्ट्रिज २००१ च्या गेम बॉय अ‍ॅडव्हान्समध्ये चालत होते. पण त्याच निन्टेन्डोच्या टीव्हीला जोडायच्या यंत्रात, १९८३ च्या फॅमिकॉमकडून १९९० च्या सुपर फॅमिकॉमकडे जाताना, जुने खेळ मागेच राहिले. एकाच कंपनीचे दोन वेगळे निर्णय. त्यामागे तत्त्व शोधू नये, हिशेब शोधावा.

या मार्गाचे सर्वांत यशस्वी उदाहरण म्हणजे प्लेस्टेशन २. तो ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये आला. पहिल्या प्लेस्टेशनचा प्रोसेसर त्यात इनपुट-आउटपुटच्या कामाला लावला होता : खेळणाऱ्याच्या हातातली बटणे वाचणे, मेमरी कार्ड सांभाळणे वगैरे. जुनी डिस्क आत गेली की तो स्वतःचा वेग थोडा उतरवून मूळच्या घड्याळावर येई आणि सूत्रे हाती घेई. सुरुवातीला प्लेस्टेशन २ चे स्वतःचे खेळ मोजकेच होते. १९९४ पासून जमलेला जुना साठा मात्र पहिल्या दिवसापासून हाताशी होता. या यंत्राची विक्री पुढे १५ कोटींच्या वर गेली. तिचे श्रेय एकट्या जुन्या डिस्कना देता येणार नाही. डीव्हीडी प्लेअर म्हणूनही लोकांनी ते घेतले. तरी नवे घेताना जुने टाकावे लागत नाही, हा दिलासा लहान नव्हता.

प्लेस्टेशन २ च्या सेटिंगमध्ये जुन्या खेळांसाठी दोन पर्याय होते : डिस्क जलद वाचणे आणि चित्रे गुळगुळीत करणे. जलद वाचनाचा पर्याय निवडला की काही खेळ बिघडत. डिस्क ठरावीक गतीनेच येणार असे गृहीत धरून ते लिहिलेले होते. ती लवकर आली तर त्यांची घडी विस्कटे. दुसऱ्या मार्गाची सगळी अडचण या एवढ्याशा गोष्टीत आहे.

दुसरा मार्ग म्हणजे एम्युलेटर. नव्या यंत्रावर चालणारा असा प्रोग्रॅम, जो जुन्या यंत्राचे सोंग घेतो. खेळाला वाटते आपण आपल्याच जुन्या घरी आहोत. सगळी सोंगे आणता येतात पण पैशाचे आणता येत नाही, अशी आपल्याकडे म्हण आहे. एम्युलेटर लिहिणाऱ्याला विचाराल तर तो सांगेल की सर्वांत अवघड सोंग काळाचे असते. जुने खेळ यंत्राच्या वेगावर, कधी तर त्याच्या मंदपणावर उभे असतात. १९७८ चा स्पेस इन्व्हेडर्स घ्या. पडद्यावरचे शत्रू जसजसे कमी होतात तसतसे उरलेले वेगाने चालू लागतात. त्या खेळाचा जीव या वाढत्या वेगात आहे. पण तो वेग मुळात यंत्राच्या कुवतीतून आला होता : चित्रे कमी काढायची असली की बिचारा प्रोसेसर लवकर मोकळा होई. टोमोहिरो निशिकादो या कर्त्याने ते पाहिले आणि तसेच ठेवले. आता हाच प्रोग्रॅम शेकडोपट वेगवान संगणकावर तसाच सोडून दिला, तर तो खेळ राहणार नाही. मंदपणाचीही हुबेहूब नक्कल करावी लागते.

आणि काही गोष्टी तर डब्याच्या बाहेरच असतात. डक हंटमध्ये बंदूक टीव्हीवर रोखून बदके मारायची असत. चाप ओढला की पडदा क्षणभर काळा होई, बदकाच्या जागी पांढरा चौकोन चमके आणि बंदुकीतला प्रकाश ओळखणारा डोळा तो टिपे. जुन्या काचेच्या नळीच्या टीव्हीवर हे चित्र ठरल्या क्षणी उमटत असे. आजचा सपाट टीव्ही चित्र दाखवण्यापूर्वी त्यावर काही मिलिसेकंद प्रक्रिया करतो. तेवढ्यात वेळ निघून जाते. यंत्र जुने, कार्ट्रिज जुने, बंदूक जुनी, सगळे अस्सल असूनही नव्या टीव्हीवर बदक पडत नाही.

एम्युलेटरचा कायदेशीर इतिहास तांत्रिक इतिहासाहून रंजक आहे. जानेवारी १९९९ मध्ये मॅकवर्ल्ड प्रदर्शनात स्टीव्ह जॉब्ज यांनी कनेक्टिक्स या छोट्या कंपनीचा व्हर्च्युअल गेम स्टेशन हा प्रोग्रॅम लोकांसमोर मांडला. ४९ डॉलरमध्ये मॅक संगणकावर प्लेस्टेशनचे खेळ खेळता येणार होते. त्याच महिन्यात सोनीने खटला भरला. प्रश्न असा होता : कनेक्टिक्सच्या इंजिनिअरांनी प्लेस्टेशनमधला मूळ प्रोग्रॅम, ज्याला बायोस म्हणतात, अभ्यासासाठी उतरवून घेतला आणि तो कसा वागतो हे समजून घेऊन स्वतःचा वेगळा लिहिला. हा अभ्यास चोरी ठरतो का? खालच्या कोर्टाने विक्रीला मनाई केली. १० फेब्रुवारी २००० रोजी अपील कोर्टाने ती उठवली आणि अशा अभ्यासासाठी केलेली नक्कल न्याय्य वापरात बसते असे ठरवले. २००१ मध्ये सोनीने तो प्रोग्रॅमच विकत घेतला आणि बंद केला. ब्लीम नावाच्या दुसऱ्या एम्युलेटरच्या कंपनीलाही कोर्टात चांगला निकाल मिळाला होता, पण वकिलांच्या खर्चाने ती त्याच वर्षी बुडाली. कज्जा जिंकला आणि घर गेले, हे आपल्या दिवाणी कोर्टांच्या आवारात वाढलेल्या कुणालाही नवे वाटू नये.

या कथेला शेपूट आहे. ३ डिसेंबर २०१८ रोजी सोनीने प्लेस्टेशन क्लासिक हे छोटे यंत्र विकायला आणले. पहिल्या प्लेस्टेशनचीच चिमुकली प्रतिकृती, आत २० जुने खेळ. ते चालवायला आत जो एम्युलेटर होता तो सोनीचा नव्हता. पीसीएसएक्स रीआर्म्ड हा बाहेरच्या हौशी प्रोग्रॅमरांनी लिहिलेला, सर्वांना खुला असलेला एम्युलेटर होता. त्याचा परवाना तशी मोकळीक देतो, त्यामुळे यात बेकायदा काही नाही. पण वीस वर्षांपूर्वी ज्या कामाला चोरी म्हटले, त्याच जातीचे काम हौशी लोकांनी फुकट करून ठेवले होते म्हणून कंपनीला आपलेच खेळ पुन्हा विकता आले. मला हा या विषयातला सर्वांत बोलका पुरावा वाटतो.

आता पुन्हा त्या २७ डॉलरच्या चिपकडे. मार्च २००७ मध्ये युरोपात आलेल्या प्लेस्टेशन ३ मधून जुना मुख्य प्रोसेसर काढला, चित्रांची चिप ठेवली आणि उरलेले काम सॉफ्टवेअरवर सोपवले. त्यामुळे काही जुने खेळ चालत, काही अडखळत. त्याच वर्षाच्या अखेरीस ४० गिगाबाइटचे स्वस्त मॉडेल आले, त्यात प्लेस्टेशन २ चे खेळ चालवण्याची सोयच नव्हती. २००८ संपेपर्यंत नवीन तयार होणाऱ्या कोणत्याही प्लेस्टेशन ३ वर त्या डिस्क चालेनाशा झाल्या. गंमत अशी की त्याहून जुन्या, पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्क शेवटपर्यंत चालत राहिल्या, कारण त्यांचे सोंग सॉफ्टवेअरने सहज वठत होते. आजोबांना घरात जागा आणि वडिलांना बाहेरचा रस्ता!

सोनीची बाजूही समजून घेतली पाहिजे. प्रत्येक नगामागे शेकडो डॉलर बुडत असताना २७ डॉलर वाचवणे हा मूर्खपणा नव्हता. शिवाय प्लेस्टेशन २ अजून बाजारात जोरात खपत होता. जुने खेळ खेळायचे त्याने तो घ्यावा, असे म्हणायला जागा होती. पण एकदा धागा तुटला की तो तुटतच जातो. २०१३ च्या प्लेस्टेशन ४ ने सेल प्रोसेसरच टाकून दिला, म्हणून प्लेस्टेशन ३ च्या डिस्कही निकामी झाल्या. २०२० चा प्लेस्टेशन ५ त्याच्या आधीच्या ४ चे बहुतेक खेळ चालवतो. त्याहून जुनी डिस्क तो ओळखत नाही.

मायक्रोसॉफ्टचा मार्ग उलटा गेला. तिचा २०१३ चा एक्सबॉक्स वन आला तेव्हा त्यावर आधीच्या एक्सबॉक्स ३६० चे खेळ चालत नव्हते. दोन्हींच्या प्रोसेसरची जातच वेगळी होती, हे शक्य नाही असेच बहुतेक धरून चालले होते. नोव्हेंबर २०१५ मध्ये मायक्रोसॉफ्टने ते सॉफ्टवेअरने करून दाखवले. सुरुवात १०४ खेळांनी झाली, दोन वर्षांनी २००१ च्या पहिल्या एक्सबॉक्सचेही काही खेळ आले. इथे जुनी डिस्क केवळ किल्लीचे काम करते. ती पाहून यंत्र खेळाची नवी बांधलेली प्रत इंटरनेटवरून उतरवून घेते. म्हणजे प्रत्येक खेळासाठी प्रकाशकाची परवानगी आली. आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये शेवटचे ७० हून अधिक खेळ जोडून कंपनीने हे काम थांबवले, ते तांत्रिक मर्यादांइतकेच परवान्यांच्या अडचणींमुळे. अ‍ॅलन वेक हा खेळ २०१७ मध्ये विक्रीतून काढावा लागला, कारण त्यातल्या गाण्यांच्या हक्कांची मुदत संपली होती. हक्कांचे पुन्हा जमल्यावर दीड वर्षाने तो परत आला. ज्या खेळाचा प्रकाशकच बुडालेला आहे, त्याची परवानगी कोणाकडे मागायची?

जुने खेळ फार थोडे लोक खेळतात, असा युक्तिवाद कंपन्या करतात. आकड्यांत तो बरोबर असेल. पण ग्रंथालयातून बखरी किती जण घरी नेतात हे मोजून बखरी रद्दीत घालायच्या की नाही, हे ठरवत नाहीत.

आपल्याकडे ही सगळी कथा थोडी वेगळ्या वाटेने आली. नव्वदीच्या दशकात महाराष्ट्रातल्या मुलांनी जो ‘टीव्ही व्हिडिओ गेम’ खेळला, तो बहुतांश निन्टेन्डोच्या १९८३ च्या फॅमिकॉमची नक्कल होता. निन्टेन्डोचे नाव फारसे कुणाला माहीत नव्हते. कार्ट्रिजला सगळे कॅसेट म्हणत. ‘९९९९ इन १’ असे लिहिलेल्या कॅसेटमध्ये तेच दहा-वीस खेळ पुन्हा पुन्हा येत. पुढे खोके बदलले. पॉलीस्टेशन नावाचे यंत्र बाहेरून प्लेस्टेशनसारखे दिसे आणि आत तोच १९८३ चा संसार असे. कॉन्ट्रा आणि मारिओ एका खोक्यातून दुसऱ्या खोक्यात विनातक्रार जात राहिले. ज्याला जगातल्या मोठ्या कंपन्या महाग आणि अवघड म्हणत होत्या, ते या नकलांनी नकळत करून टाकले होते. अर्थात मूळ कर्त्यांना त्यातून एक पैसा मिळाला नाही, हेही नोंदवले पाहिजे.

आणि त्या २७ डॉलरच्या चिपचा भारताशी थेट संबंध आहे. २००९-१० च्या सुमारास भारतात स्वस्त झालेला प्लेस्टेशन २ अजून विकला जात होता, आणि भारतीय कंपन्यांनी त्याच्यासाठी खेळ तयार केले. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजचा ‘हनुमान : बॉय वॉरियर’ २००९ मध्ये आला. त्याच वर्षी गेमशास्त्र या कंपनीचा ‘देसी अड्डा’ आला; त्यात कबड्डी होती, पतंगांची काटाकाटी होती आणि आपला विटीदांडू होता. २०१० मध्ये मुंबईच्या ट्राइन गेम्सचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ आला, म्हणजे गल्लीतले क्रिकेट. या खेळांचा दर्जा जागतिक तोडीचा होता असा माझा दावा नाही. पण घरातल्या कन्सोलसाठी भारतात बनलेले हे अगदी आरंभीचे खेळ, आणि त्यांचे विषय आपल्या अंगणातले. ते दुकानात आले तेव्हा नव्या प्लेस्टेशन ३ मधून जुनी चिप जाऊन वर्ष-दोन वर्षे झाली होती. जन्मतःच त्यांच्यापुढचा रस्ता बंद होता.

पुस्तक निघाले की १९५४ च्या कायद्याने त्याची प्रत कोलकाता, मुंबई, चेन्नई आणि दिल्ली येथील ठरलेल्या ग्रंथालयांत पाठवावी लागते. तो कायदा पुस्तकांचा आणि नियतकालिकांचा आहे. खेळाची डिस्क त्यात बसत नाही. अमेरिकेत तरी या विषयाची मोजदाद झाली आहे. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार २०१० पूर्वी तिथे निघालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात कोणत्याही रूपात विकत मिळत नाहीत. ग्रंथालयांना आपल्या संग्रहातले असे खेळ अभ्यासकांना दुरून, इंटरनेटवरून उघडून देण्याची मुभा द्यावी, अशी मागणी झाली. ऑक्टोबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या कॉपीराइट ऑफिसने ती नाकारली. लोक अभ्यासाच्या नावाखाली करमणूक करतील, ही त्यामागची एक भीती. कादंबऱ्यांच्या बाबतीत असा आक्षेप कोणी घेतल्याचे ऐकिवात नाही.

सोनीने २०२२ मध्ये सदस्यांसाठी जुन्या खेळांची वर्गणी योजना आणली. अनेक देशांत तिच्या सर्वांत वरच्या पायरीवर प्लेस्टेशन ३ चे खेळ दूरच्या यंत्रावर चालवून त्यांचे चित्र इंटरनेटवरून घरी पाठवले जाते. भारतात ती पायरी आली नाही. तिच्या जागी डिलक्स नावाची पायरी आली, जिच्यात ही सोय नाही.

‘देसी अड्डा’ची डिस्क आज कुणाकडे असेल, तर ती चालवायला जुना प्लेस्टेशन २ लागतो. त्याचे उत्पादन थांबल्याची बातमी जानेवारी २०१३ ची. उरलेल्या यंत्रांच्या डिस्क वाचणाऱ्या लेन्स झिजत चालल्या आहेत. दुसरा उपाय पीसीएसएक्स२ हा फुकट मिळणारा एम्युलेटर. जगभरच्या हौशी लोकांनी तो गेली वीसहून अधिक वर्षे लिहीत आणला आहे. तो चालवायला स्वतःच्या प्लेस्टेशन २ मधला बायोस उतरवून घ्यावा लागतो, म्हणजे निदान एकदा तरी ते जुने यंत्र हाताशी असावे लागते.